वळिवडेच्या बराकी

मिरजेहून कोल्हापूरला जाताना रुकडीनंतर वळिवडे स्थानक लागते. या मार्गाने आम्ही कितीदा गेलो-आलो. हाती जपमाळ असे आणि बाहेर लक्ष नसे! इथला इतिहास कळला तेव्हा ओशाळलो.

१९४३ ते १९४८ या काळात येथे सुमारे ५,००० पोलिश निर्वासित राहत होते. बहुतेक स्त्रिया व मुले. सोव्हिएत सत्तेने १९४०-४१ मध्ये त्यांना घरांतून उचलून सायबेरियात व कझाकस्तानात नेले होते. इराणमार्गे ते येथे पोहोचले. कौलारू बराकींत त्यांनी संसार मांडले, शाळा चालविल्या. मिस्साबळीसाठी ख्रिस्तमंदिरही होते. १९४४ साली जर्मनांनी वॉर्सा शहर उद्ध्वस्त केले. युद्ध संपले, पण पूर्व पोलंड सोव्हिएत संघाकडे गेला होता. परतायचे कोठे?

पुढे याच बराकींत फाळणीने बेघर झालेली सिंधी कुटुंबे आली. तेच आजचे गांधीनगर.

परवा आम्ही मुद्दाम उतरलो. कापडदुकानांच्या दाटीत जुन्या बराकी मोजक्याच उरल्या आहेत. एकीसमोर थबकलो, तर एका वृद्धेने पाण्याचा पेला पुढे केला आणि विचारले, “कोणाकडे आलात?”

आम्हांला उत्तर सुचेना. पाणी मात्र प्यालो.