नाव : इस्मत

नाव ज्याचे असते, त्याला ते निवडता येत नाही. ते इतरांनी निवडलेले असते आणि आयुष्यभर इतरांच्याच तोंडी अधिक असते. मराठी घरात बाराव्या दिवशी बारसे होते. बाळाच्या कानात नाव सांगण्याचा मान आत्याचा असतो. मुस्लिम घरात जन्मलेल्या बाळाच्या कानाशी अजान म्हटली जाते आणि अनेक ठिकाणी सातव्या दिवशी अकीक्याच्या वेळी नाव ठेवले जाते. रीती वेगळ्या असल्या, तरी जगाचा पहिला शब्द दोन्ही घरी कानातच सांगितला जातो. त्या शब्दात घरच्यांची इच्छा असते, पूर्वजांची आठवण असते आणि पुष्कळदा बाळाकडून केलेली अपेक्षाही असते.

बहुतेक नावे आणखी एक काम करतात. हाक मारण्याआधीच ती सांगून टाकतात, की हा मुलगा आहे किंवा ही मुलगी आहे. काही थोडी नावे मात्र हे सांगत नाहीत. अरबी भाषेतून आलेले ‘इस्मत’ हे अशा विरळ नावांपैकी एक. त्याचा अर्थ शोधू लागले, म्हणजे एका शब्दाचा लांबचा प्रवास डोळ्यांपुढे उभा राहतो आणि त्या प्रवासात मराठीचे घरही लागते.

छत्तीसगडमधील भिलाई हे शहर पोलाद कारखान्याभोवती वाढले. या कारखान्यासाठी १९५५ साली सोव्हिएत संघाशी करार झाला आणि ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन झाले. कामाच्या शोधात देशाच्या सर्व दिशांनी माणसे येथे आली. नागपूर, भंडारा, गोंदियाकडची मराठी कुटुंबेही आली. कारखान्याने वसवलेल्या नगराचे भाग क्रमांकांनी ओळखले जातात. येथे माणसे ‘सेक्टर १०’ असा पत्ता सांगतात आणि त्या कोरड्या आकड्यात नाना भाषांची घरे शेजारी शेजारी नांदतात.

अशाच शेजारातली ही गोष्ट. सेक्टर १० मधील एका मुस्लिम घरात बाळाची चाहूल लागली होती. शेजारच्या मराठी काकू निवृत्त शिक्षिका. त्यांच्याकडे येणारी-जाणारी सगळी मुले त्यांना ‘काकू’ म्हणत, म्हणून त्या घरची सूनही त्यांना काकूच म्हणे. एके दिवशी तिने सांगितले, “काकू, मुलगा होवो की मुलगी, नाव एकच ठेवायचं ठरलंय. इस्मत.”

काकूंच्या कपाळावर आठी उमटली. “अगं, हा शब्द मी सिनेमातच ऐकलाय. आणि तिथे तो येतो, तो कुणा बिचारीची इस्मत लुटली गेली एवढं सांगायलाच. असं नाव बाळाला कशाला?”

सून हसली. “आमच्या ह्यांच्या पणजोबांचं नाव इस्मत होतं, काकू.”

काकू गप्प झाल्या. ज्या शब्दात त्यांना केवळ स्त्रीचे शील ऐकू येत होते, तो शब्द एका पुरुषाने जन्मभर अभिमानाने मिरवला होता. शिक्षिकेला असे कोडे स्वस्थ बसू देत नाही. त्यांनी शब्दकोश उघडले.

अरबी भाषेतील बहुतेक शब्द तीन व्यंजनांच्या धातूपासून घडतात. कारखान्यात एकच वितळलेले लोखंड निरनिराळ्या साच्यांत ओतावे, तसा एकच धातू निरनिराळ्या साच्यांत ओतला जातो आणि प्रत्येक वेळी नवा शब्द तयार होतो. ‘इस्मत’ हा शब्द ज्या धातूचा आहे, त्याचा मूळ अर्थ घट्ट धरणे, राखणे, संकटापासून वाचवणे असा आहे. त्याच धातूपासून ‘आसिम’ म्हणजे रक्षण करणारा हा शब्द झाला. हेही एक नाव आहे. राजधानीला अरबीत ‘आसिमा’ म्हणतात, तोही शब्द याच कुळातला. कुराणात महापुराची कथा आहे. त्यात नूह पैगंबरांचा मुलगा नौकेत येण्याचे नाकारतो आणि डोंगर आपल्याला वाचवील असे म्हणतो. तेथे ‘वाचवील’ या अर्थी आलेले क्रियापद याच धातूचे आहे.

या कुळातील एक शब्द तर आपल्या अगदी ओळखीचा आहे, ‘मासूम’. आपण त्याचा अर्थ निष्पाप, निरागस असा करतो. मुळात त्याचा अर्थ ‘राखलेला’, पापापासून सुरक्षित ठेवलेला असा आहे. ‘मजकूर’, ‘मंजूर’, ‘महसूल’ हे मराठीत रुळलेले शब्दही याच साच्यातून निघालेले आहेत. धर्मशास्त्राच्या भाषेत पैगंबरांच्या निर्दोषतेला ‘इस्मत’ म्हटले जाते. म्हणजे मुळात हा गुण पुरुषांच्या संदर्भातही सांगितला जात होता. विवाहाच्या बंधनालाही अरबीत हाच शब्द आहे. इजिप्तमध्ये विवाहाच्या करारात घटस्फोटाचा अधिकार पत्नीने आपल्याकडे राखून घेतला, तर ‘इस्मत तिच्या हाती आहे’ अशा अर्थाचा शब्दप्रयोग करतात. तेथे हा शब्द स्त्रीच्या अधिकाराची खूण होतो.

उर्दू-हिंदीत येता येता मात्र शब्दाचा पैस आकसला. रक्षण, निर्दोषता, अधिकार हे अर्थ मागे पडले आणि स्त्रीचे शील एवढाच अर्थ उरला. पुढे चित्रपटांनी आणि वृत्तपत्रांनी त्याला ‘लुटणे’ हे क्रियापद कायमचे जोडून दिले. शब्द बिघडला नव्हता. समाजाने आपली सारी प्रतिष्ठा स्त्रीच्या देहावर ठेवली, तिचे ओझे शब्दावर आले. काकूंच्या कपाळावरची आठी त्या ओझ्याची होती.

मग हे नाव पुरुषांचेही कसे झाले? याचे उत्तर शेवटच्या ‘त’मध्ये आहे. अरबीत मूळ शब्दाचा उच्चार एरवी ‘इस्मा’ असा होतो आणि तो व्याकरणाने स्त्रीलिंगी आहे. त्याच्या अखेरीस एक विशेष अक्षर लिहितात. ते कधी ‘आ’सारखे, तर कधी ‘त’सारखे उच्चारले जाते. फारसी भाषेने असे कितीतरी शब्द घेतले आणि त्यांतील अनेकांच्या शेवटी ‘त’ कायम केला. फारसीत व्याकरणाचे लिंगच नाही. तेथे ‘तो’ आणि ‘ती’ यांना एकच सर्वनाम आहे. तुर्की भाषेतही तसेच आहे. त्यामुळे या भाषांत शब्दाचे स्त्रीलिंग गळून पडले, अर्थ तेवढा राहिला आणि तो अर्थ मुलाला द्यावा की मुलीला, हे घरच्यांवर सोपवले गेले. गंमत अशी, की तुर्कांच्या राजवटीत ही नावे पुन्हा अरबी प्रदेशात पोचली. म्हणूनच इजिप्तमध्ये ‘इस्मत’ हे नाव लिहिताना शेवटी मूळ अरबी अक्षर येत नाही, साधा ‘त’ येतो. माहेरचा शब्द सासरचे वळण घेऊन माहेरी परतला!

या नावाची माणसे पाहिली, म्हणजे त्याची दोन्ही रूपे ध्यानात येतात. इस्मत इनोनू (१८८४–१९७३) हे तुर्कस्तानचे सेनानी. लोझानच्या १९२३ च्या तहासाठी त्यांनी आपल्या देशाच्या वतीने वाटाघाटी केल्या आणि १९३८ ते १९५० या काळात ते राष्ट्राध्यक्ष होते. इराकचे मुत्सद्दी इस्मत कित्तानी १९८१ साली संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेचे अध्यक्ष झाले. आणि आपल्या इस्मत चुगताई (१९१५–१९९१) या उर्दूतील थोर कथालेखिका. उत्तर प्रदेशातील बदायूँ येथे त्यांचा जन्म झाला. पुढे मुंबई हीच त्यांची कर्मभूमी झाली. १९३९ साली त्यांचे पहिले नाटक ‘साकी’ या मासिकात आले, तेव्हा त्यांचे लेखक बंधू अजीम बेग चुगताई हेच टोपणनावाने लिहीत असावेत, असा पुष्कळ वाचकांचा समज झाला. एक स्त्री इतक्या धिटाईने लिहील, हे त्यांना पटेना. १९४२ साली प्रसिद्ध झालेल्या ‘लिहाफ’ या कथेसाठी त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला. ज्यांच्या नावाचाच अर्थ निर्दोषता, त्यांना लाहोरच्या न्यायालयात उभे राहावे लागले. आणि त्या निर्दोष सुटल्या.

येथे काकूंना आपलेच घर आठवले. किस्मत, हिकमत, किंमत, हिंमत, इज्जत हे शब्द ‘इस्मत’च्याच साच्यातील आहेत. हरकत, सवलत, फुरसत, तब्येत, दौलत हे साच्याने वेगळे, पण त्यांच्या शेवटचा ‘त’ तोच आहे. बहमनी राज्य १३४७ साली स्थापन झाले, तेव्हापासून दख्खनच्या दरबारांतील फारसीने असे शेकडो शब्द मराठीत आणले. शिवकाळात ‘राज्यव्यवहारकोश’ रचून दरबारी शब्दांना संस्कृत पर्याय देण्याचा मोठा प्रयत्न झाला. तरी बोलीत मुरलेले शब्द राहिलेच. त्यांपैकी काही आपण पोटच्या मुलांना नाव म्हणून दिले. ‘हिंमत’ ती, पण हिंमतराव तो. ‘दौलत’ ती, पण महादजी शिंदे यांच्या गादीवर आले ते दौलतराव. ‘हैबत’ म्हणजे धाक, दरारा. हा शब्दही अरबीच. आळंदीहून पंढरपूरला जाणाऱ्या ज्ञानेश्वर माउलींच्या पालखी सोहळ्याला आजचे रूप देणारे थोर वारकरी हैबतबाबा आरफळकर. लाखो वारकरी ज्यांचे नाव आदराने घेतात, त्यांच्या नावाचे मूळ अरबी आहे, याने कोणाचीही भक्ती उणी होत नाही. मालोजीराजे भोसले यांनी अहमदनगरच्या शाह शरीफ या पिरावरील श्रद्धेने आपल्या पुत्रांची नावे शहाजी आणि शरीफजी अशी ठेवली, असे परंपरा सांगते.

स्त्री-पुरुष दोघांनाही चालणारी नावे मराठीला नवी नाहीत. १९४२ च्या लढ्यात नंदुरबारला हुतात्मा झालेला शिरीषकुमार हा मुलगा. आणि आचार्य अत्रे यांच्या कन्या, कवयित्री शिरीष पै याही शिरीषच. सुहास शिरवळकर हे कादंबरीकार, तर सुहास जोशी या अभिनेत्री. किरण हे नाव तर गल्लोगल्ली दोन्हीकडे आढळते. ‘इस्मत’ ऐकून एखाद्या मराठी कानाला ‘अस्मिता’ आठवेल. पण अस्मिता संस्कृत, तिचा या कुळाशी संबंध नाही.

मग प्रश्न उरतो तो निवडीचा. ज्या शब्दाला लोकांनी एका संकुचित अर्थात कोंडले आहे, तो टाकून द्यावा की सोडवून घ्यावा? टाकून दिला, तर तो कोंडलेलाच राहील. एखादे मूल तो शब्द अंगावर घेऊन शाळेत गेले, खेळले, पडले, पहिले आले किंवा नापास झाले, तर ऐकणाऱ्यांना त्या शब्दात ते मूलच दिसू लागेल. शब्दांचे अर्थ कोशांपेक्षा माणसांमुळे अधिक बदलतात.

या निवडीत आणखी एक गोष्ट दडलेली आहे. गर्भातील बाळाचे लिंग तपासण्यावर आपल्या देशात १९९४ च्या कायद्याने बंदी आहे. कायदा तपासणी थांबवू शकतो. मनातली चौकशी थांबवू शकत नाही. गरोदर स्त्रीच्या चालण्यावरून, खाण्याच्या आवडीवरून, पोटाच्या आकारावरून सारे गाव तर्क करत असते आणि त्या तर्कांत बहुधा एकच इच्छा लपलेली असते. सेक्टर १० मधील त्या घराने मात्र एकच नाव ठरवून त्या चौकशीतली हवाच काढून घेतली होती. जो कोणी येईल, त्याची तयारी पूर्ण झाली होती. सुनेला नऊ महिने त्या भाराखाली काढावे लागणार नव्हते.

आणि येथे मराठी व्याकरणही त्या घराच्या मदतीला येते. भूतकाळात आपल्याला ‘आला’ की ‘आली’ हे ठरवावेच लागते. वर्तमानकाळातही ‘येतो’ आणि ‘येते’ वेगळे आहेत. पण भविष्यकाळात तो येईल, ती येईल, ते येईल. ‘येईल’ हे रूप कोणाचेही लिंग विचारत नाही. कोश मिटून काकूंनी दुसऱ्या दिवशी कुंपणावरून हाक दिली, तेव्हा त्या एवढेच म्हणाल्या, “काय गं, इस्मत कधी येणार?” सुनेला उत्तर मिळाले.

जन्मानंतर काही नोंदी कराव्याच लागतात. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ नुसार जन्माची माहिती २१ दिवसांच्या आत नोंदवायची असते. नाव ठरले नसेल, तर नोंद नावाशिवायही होते आणि १२ महिन्यांच्या आत नाव विनाशुल्क भरता येते. त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत ती सोय आहे. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांसाठी शाळाप्रवेशापासून मतदार यादीपर्यंत अनेक कामांत जन्मतारखेचा व जन्मस्थळाचा पुरावा म्हणून जन्माचा दाखलाच ग्राह्य धरला जातो. म्हणून नावाचे प्रत्येक अक्षर तेथे नीट लिहिले गेले आहे ना, हे पाहणे पालकांचे काम आहे. एका मात्रेची चूक दुरुस्त करण्यासाठी पुढे किती खेटे घालावे लागतात, हे ज्यांनी घातले आहेत त्यांना सांगायला नको.

त्या नोंदणी अर्जात नावाचा रकाना वेगळा असतो आणि लिंगाचा वेगळा. कारकून दोन्ही रकाने भरून घेतो. दुसऱ्या रकान्यात काय लिहायचे, ते बाळ जन्मताच ठरते. पहिला रकाना मात्र घरच्यांचा असतो. त्यात ‘राखणे’ या अर्थाचा एक शब्द लिहायचा, तर त्या बाळाला खरोखर राखायचेही त्यांनीच असते, आणि शेजाऱ्यांनीही.