हाकेतली माणसे

मराठी घरात माणसाला दोन नावे असतात. एक बारशाला आत्याने कानात सांगितलेले आणि दुसरे धाकट्या भावंडाने हाक मारून मारून पक्के केलेले. पहिले शाळेच्या दाखल्यावर, लग्नपत्रिकेवर आणि सातबाऱ्यावर चढते. दुसरे कुठेच लिहिले जात नाही, पण माणूस ओ देतो ते त्यालाच.

आमच्या अक्काचे असेच आहे. मागे एका कार्यालयात तिच्या कागदपत्रांचे काही काम होते, म्हणून मी तिला घेऊन गेलो होतो. तिथल्या कारकुनाने तिचे संपूर्ण नाव तीनदा पुकारले. अक्का आपली बाकावर शांत बसून! जणू दुसऱ्याच कुणा बाईला बोलावणे आले आहे. शेवटी मी दारातून "अक्का!" अशी हाक मारली, तेव्हा ती उठली. पण तिच्याबरोबर आणखी चार बायकांनी वळून पाहिले. त्या चौघीही कुणाच्या ना कुणाच्या अक्काच होत्या.

आमचे गाव पुसेगाव. पुसेगाव म्हटले की पुण्याकडची मंडळी हटकून "सेवागिरी महाराजांचे ना?" असे विचारतात. ते साताऱ्याकडचे. आमचे पुसेगाव हिंगोली जिल्ह्यातले, सेनगाव तालुक्यातले. १९९९ साली हिंगोली जिल्हा झाला, त्याआधी आम्ही परभणीकर होतो आणि १९४८ पर्यंत निजामाची प्रजा. ही वंशावळ सांगण्याचे कारण एवढेच, की अशा गावात नात्यांचे शब्द चहूकडून येऊन मुक्कामाला राहतात. ताई आणि दादा हे मराठी मुलखात सगळीकडचेच. अक्का आणि अण्णा दक्षिणेकडून आलेले. कानडीत आणि तेलुगूत थोरल्या बहिणीला आजही अक्काच म्हणतात. शेजारच्या मुसलमान घरातली थोरली मुलगी साऱ्या आळीची 'आपा' होती. मला कितीतरी वर्षे ते तिचे नावच वाटत होते.

या सरमिसळीत गमतीही होत. निजामाच्या काळात आमचे आजोबा हिंगोलीला उर्दू शिकले. 'माझे घर' या विषयावर त्यांनी निबंध लिहिला, की मी रोज संध्याकाळी दादाबरोबर विटी-दांडू खेळतो आणि दादा झाडावर चढून मला चिंचा पाडून देतो. मास्तरांनी निबंध वाचला आणि या वयातही तुझ्या दादांची तब्येत इतकी ठणठणीत आहे, याबद्दल देवाचे आभार मानले. उर्दूत दादा म्हणजे बापाचा बाप, हे आजोबांना त्या दिवशी कळले. ही गोष्ट सांगताना वयाच्या ऐंशीव्या वर्षीही त्यांना हसू आवरत नसे.

वर्गात नात्यांच्या शब्दांचा विषय निघाला, की मी मुलांना अण्णा भाऊ साठ्यांचे नाव फळ्यावर लिहून दाखवतो. मूळ नाव तुकाराम. पण जगाने त्यांना अण्णाही केले आणि भाऊही केले. म्हणजे एकदा दक्षिणेकडचा थोरला भाऊ आणि एकदा आपला. किर्लोस्कर अण्णासाहेब, फाळके दादासाहेब. घरातल्या धाकट्यांची हाक चौकात गेली आणि तिला 'साहेब' चिकटला, एवढाच काय तो फरक.

बहिणीच्या शब्दांकडे पाहिले म्हणजे मला आणखी एक गोष्ट दिसते. ते सारखे आईकडे कलतात. कानडीत 'तायी' म्हणजे आई. आपल्याकडे ताई म्हणजे बहीण. आमच्या जवळचे नरसी हे नामदेवांचे गाव. परंपरेने नामदेवांच्या बहिणीचे नाव सांगितले आहे आऊबाई. आणि आऊ म्हणजे जुन्या मराठीत आई. ज्ञानदेवांची बहीण तर चार भावंडांत सर्वांत धाकटी. पण तिला आपण मुक्ता म्हणून थांबत नाही, मुक्ताई म्हणतो. रुसून ताटी लावून बसलेल्या थोरल्या भावाची समजूत घालण्याचे काम त्या धाकटीवर आले. त्या ताटीच्या अभंगांनंतर तिच्या नावाला 'आई' जोडले नसते तरच नवल.

आमच्या अक्काचे कलणेही त्याच दिशेचे. ती थोरली, तिच्यामागे सहा वर्षांनी दादा आणि दादामागे सहा वर्षांनी मी. माय दिवसभर रानात. मी वाढलो तो अक्काच्या कडेवर. मला चालता येऊ लागल्यावरही तिने मला खाली ठेवले नाही, अशी तक्रार माय नेहमी करी.

आता इथे मराठीतली एक उणीव सांगतो. आपण दक्षिणेकडून अक्का घेतली, अण्णा घेतला. पण तिथे धाकट्यांनाही स्वतंत्र शब्द आहेत, ते आपण आणलेच नाहीत. कानडीत धाकटा भाऊ 'तम्म', धाकटी बहीण 'तंगी'. तेलुगूत धाकट्या भावाला 'तम्मुडु' आणि धाकट्या बहिणीला 'चेल्लेलु'. मराठीत काय? नुसते नाव. तेही बहुधा मोडून, पिळून. आपल्या संबोधनांचा सगळा ओघ खालून वर जाणारा. धाकट्याने थोरल्याला मान द्यायचा, त्यासाठी ताई, माई, अक्का, दादा, भाऊ, अण्णा, अप्पा, नाना, तात्या असा शब्दांचा बाजार भरलेला. थोरल्याने धाकट्यावर माया करायची, त्यासाठी शब्दकोशात रिकामी जागा.

इंग्रजीची गोष्ट याहून वेगळी. तिथे थोरला-धाकटा हा भेदच शब्दात नाही. ब्रदर म्हणजे भाऊ, मग तो वीस वर्षांनी मोठा असो की पाळण्यातला असो. लाडाचे शब्द मात्र त्यांच्याकडेही होते. स्कॉटलंडमध्ये बहिणीला 'टिट्टी' म्हणत, भावाला किंवा जिवलग सोबत्याला 'बिली'. 'सिस्टर'चे लाडाने 'सिसी' झाले, आणि पुढे त्याच शब्दाने लोक भित्र्या मुलाला हिणवू लागले. 'सिब' म्हणजे आप्त. त्याला देव जोडून 'गॉडसिब' झाला, म्हणजे बारशातला धर्माचा नातेवाईक. त्याचाच झिजून 'गॉसिप' झाला. म्हणजे आप्त गेला आणि चहाड्या उरल्या! शब्दांनाही माणसांसारखेच वाईट दिवस येतात.

आपल्याकडचे मायेचे शब्द नव्हतेच असे नाही. ते राहत होते जात्यावर. भाऊराया, बंधवा, सखा, पाठीराखा, गळ्यातला ताईत. भावाला तोंडावर असे काही म्हणण्याची आपल्या बायकांची रीत नव्हती. तोंडावर "आला का? बस. हातपाय धू," एवढेच. पण पहाटे दगडाशी बोलताना तोच भाऊ राजा होई. साने गुरुजींनी 'स्त्रीजीवन'मध्ये अशा ओव्या गोळा करून ठेवल्या. पुढे पुण्याच्या गी पॉइट्वाँ आणि हेमा राईरकर यांनी गावोगाव हिंडून एक लाखाहून जास्त ओव्या जमवल्या, हे आपले केवढे भाग्य. त्यात भावाच्या ओव्या किती तरी आहेत. माझ्या आठवणीतले आमचे जाते सणासुदीला डाळ भरडण्यापुरतेच उरले होते. दळण केव्हाच गिरणीत जाऊ लागले होते. गिरणीने बायकांच्या हातांचे घट्टे घालवले, याबद्दल मी तिला दुवाच देतो. ओव्यांसाठी बायकांनी पहाटे उठून दळत राहावे, असे म्हणणाऱ्या संस्कृतिरक्षकाला एकदा पायलीभर ज्वारी दळायला बसवावे. पण दळण संपले आणि ते शब्द उच्चारायची जागाही संपली, हे खरेच.

मग धाकट्यांची सोय जो तो आपल्या घरी करू लागला. बाळ्या, बापू, बबी, छकुली, सोन्या. हे शब्द त्या त्या घराच्या उंबऱ्याबाहेर जात नाहीत. अक्काने माझ्यासाठी शब्द केला तो 'लहानू'. आमच्याकडे धाकट्याला लहाना म्हणतात, त्याचेच हे रूप. मी नांदेडला प्राध्यापक झालो, डोक्यावरचे केस विरळ झाले, चष्मा आला, तरी फोनवर तिचा पहिला प्रश्न, "लहानू हाय का घरी?" माझी मुलगी फोन घेऊन मुद्दाम विद्यार्थ्यांसमोर ओरडे, "बाबा, लहानू आहे का म्हणून विचारतात!" ती आणि तिचा भाऊ एकमेकांना 'ब्रो' म्हणतात. मुलगा बहिणीलाही ब्रोच म्हणतो. मी एकदा व्याकरणाची शंका काढली, तर दोघेही हसले. आता मी काढत नाही. त्यांच्या त्या एका अक्षरात भांडण, समेट आणि उसने पैसे हे सगळे बसते, हे मी ऐकले आहे.

व्याकरणात आम्ही संबोधन शिकवतो ते सात विभक्त्या झाल्यावर, सर्वांत शेवटी. घाईघाईत, कारण तोवर तास संपत आलेला असतो. तीन वर्षांपूर्वी दादा गेला आणि तो धडा मला पुन्हा वाचावा लागला.

दादाला आम्हीच दादा म्हणत होतो असे नाही. मी म्हणे म्हणून त्याची मुले त्याला दादा म्हणू लागली, बाबा कुणी म्हटलेच नाही. मुले म्हणत म्हणून वहिनी त्याच्याविषयी बोलताना दादाच म्हणे. आणि ती सहा वर्षांनी थोरली अक्कासुद्धा! आपल्या घरांत मोठी माणसे लहानांच्या जिभेने बोलतात. बायको नवऱ्याला 'बंडूचे बाबा' म्हणते, तसलाच हा प्रकार. तो गेल्यावर पंधरा दिवस घरात तो शब्द कुणी उच्चारला नाही. दुधाचा हिशेब, बियाण्याची पावती, पीकविम्याचा कागद, सगळ्यांतून वाट काढत माणसे 'त्यांचा', 'तिकडचा' असे काहीतरी बोलत राहिली.

मग एके रात्री अक्काचा फोन आला. सोयाबीन विकायचे की ठेवायचे, असे काहीतरी विचारायचे होते. मी "बोल अक्का" म्हटले. पलीकडून आवाज आला, "दादा, कसं करावं रे?"

मला वाटले, तिची जीभ घसरली. पण पुढल्या फोनलाही तेच, त्याच्या पुढल्यालाही तेच. मुलगी फोन घेई आणि काही न ओरडता माझ्या हातात देई. पुसेगावला गेलो तेव्हा ओसरीवर ती शेंगा निवडत बसली होती, मी शेजारी बसलो आणि विचारले, "अक्का, तू मला दादा काहून म्हणतेस?"

तिने मान वर केली नाही. म्हणाली, "घरात कुणीतरी दादा लागतोच की. लेकरं कुणाला म्हणतील मंग?"

आणि खरोखर, पुतण्या त्या संध्याकाळी मला काका म्हणता म्हणता एकदा दादा म्हणून गेला. अक्काने ते ऐकले आणि शेंगांचे सूप उचलून ती आत गेली.

वर्ष सरल्यावरच्या भाऊबीजेला तिने एकच पाट मांडला. दरवर्षी दोन असत. दादाचा मोठा, शिसवी, आणि माझा साधा. मांडला होता तो शिसवी. मी बसलो. निरांजन लावताना वाऱ्याने वात दोनदा विझली, तिने पदर आडवा धरला. कुंकू लावायला ती वाकली, माझ्या उघड्या डोक्याकडे पाहून थबकली आणि हातातले तबक खाली ठेवून म्हणाली, "टोपी कुठाय तुझी, लहानू?"

मी खिसे चाचपले. टोपी आणलेली नव्हती. पुतण्याने खुंटीवरची दादाची टोपी काढून दिली. ती मला थोडी सैल होत होती.