तांबडी फुली

धाराशिव, पौष. दिवस कलला. बांधावरच्या बाभळीला कागदी चांद टांगलाय. एअर रायफलीवर चार पटीची, ३२ मिलिमीटर भिंगाची दुर्बीण. ३२ला ४ने भागा: डोळ्याशी ८ मिलिमीटरचा उजेडाचा गोल. अंधारातही बाहुली एवढी क्वचितच फुलते, तेव्हा झूम नसल्याचं दुःख नाही. दुर्बिणीतली काळी फुली बाभळीच्या सालीत हरवली, तसा फुलीचा तांबडा दिवा लावला. पूर्ण तेजावर चांदच दिसेना. अगदी मंद पायरी तेवढी कामाची. जवळच्या निशाण्यावर मात्र डोळा जरा हलला की फुली सरकते. हे खटकलं. कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेनं २०२४ला पॅरिस ऑलिम्पिकमध्ये रायफल नेमबाजीत कांस्य घेतलं, ते रायफलीवर दुर्बीण नसताना; त्या स्पर्धेत ती चालतच नाही. आम्हाला बापड्यांना चार पटी लागतात! ठेवून घेतो. बॅटरी तेवढी काढून.