उलट्या गतीची दांडी

एच्. जी. वेल्सच्या १८९५ सालच्या ‘टाइम मशीन’ या कादंबरिकेंतील यंत्राच्या लहान नमुन्यास दोन दांड्या आहेत. एक भविष्याकडे नेते, दुसरी गति उलट करते. यंत्र काळ ओलांडतें, जागा मात्र सोडीत नाहीं. इ. स. ८,०२,७०१ मध्यें भूगर्भवासी मॉरलॉक त्यास हिरवळीवरून ओढून पुतळ्याच्या चौथऱ्यांत नेतात; म्हणून परतल्यावर तें प्रयोगशाळेंत नेमकें तेवढ्याच अंतरावर उभें असतें. हा काटेकोर हिशेब आम्हांस फार आवडतो.

नवल वाटतें तें निराळ्याच गोष्टीचें. या सफरींत प्रवासी मागें वळतो तो केवळ घरीं परतण्यापुरता! आम्ही असतों तर भविष्याकडे ढुंकूनहि पाहिलें नसतें. ओसरीवर पंचांग चाळीत बसलेले वडील एकवार पाहावयास मिळते, तरी आम्हांस पुरे होतें. अर्थात् त्यांनीं आम्हांला ओळखलें नसतें. त्या वेळचें त्यांचें वय पाहतां आम्हीच त्यांचे वडीलबंधु शोभलों असतों. त्यांनीं अदबीनें उठून आम्हांस पाट दिला असता, आणि आम्हांला तो घेववला नसता.

कादंबरिकेच्या अखेरीस प्रवासी लहानसा कॅमेरा व पिशवी घेऊन पुन्हां निघतो. तीन वर्षें लोटलीं तरी तो परतत नाहीं; आणि या वेळीं त्यानें कोणती दांडी ओढली, हें वेल्स सांगत नाहीं.