ऑगस्टीनची चोरी

संतचरित्रांत चोर भेटला तर आम्हांस नवल वाटत नाहीं. वाटमाऱ्या वाल्याचा जेथें वाल्मीकि होतो, त्या देशांतील वाचकास मोठ्या पापामागून येणारी मोठी उपरति ओळखीचीच असते. परंतु संत ऑगस्टीनचें ‘कन्फेशन्स’ वाचतांना आमचें मन अडलें तें चोरीच्या क्षुद्रपणापाशीं.

ऑगस्टीन इ. स. ३५४ मध्यें, आजच्या अल्जीरियांत मोडणाऱ्या थागास्ते गांवीं जन्मला. सोळाव्या वर्षीं एके रात्रीं टवाळ सोबत्यांसह त्यानें घरच्या द्राक्षमळ्याजवळचें परक्याचें नासपतीचें झाड झोडपलें. फळांना ना रूप ना चव. घरीं याहून सरस होतीं. थोडीं चाखून बाकीचीं डुकरांपुढें टाकलीं. एवढीच काय ती चोरी! आमच्याकडे कैऱ्यांच्या दिवसांत असले पराक्रम नित्य घडतात आणि म्हातारपणीं ते नातवांना कौतुकानें सांगितले जातात.

आणि चाळिशी उलटलेला हा बिशप तेवढ्यासाठीं पानेंच्या पानें खर्ची घालतो! आमचे एक स्नेही म्हणाले, “हा तिळाचा ताड झाला.” आम्हांस तसें वाटत नाहीं. भुकेनें चोरणारास कारण तरी असतें. आपणांस चोरीचीच गोडी होती, हें ऑगस्टीनला जाळतें. शिवाय एकटे असतों तर हें केलें नसतें, असेंहि तो सांगतो. दहाजण हसत असतां ‘नको’ म्हणण्याची लाज वाटते. ही लाज शाळेपासून कचेरीपर्यंत आपणां सर्वांच्या ओळखीची आहे.

३८६ सालीं मिलान येथें एका बागेंत अंजिराखालीं तो ढसढसा रडला. पुढल्या वर्षीं बिशप अँब्रोझच्या हातून त्यानें बाप्तिस्मा घेतला. घडलेल्या पापांची क्षमा ही ईश्वराची कृपा, आणि जीं घडलीं नाहींत तीं टळलीं हीहि त्याचीच कृपा, अशी त्याची श्रद्धा. म्हणून ज्याच्या हातून असें कांहीं घडलें नाहीं, त्यानें आपणांस हसूं नये, असें तो बजावतो. निर्मळ म्हणविणाऱ्या आम्हां पांढरपेशांस हें झोंबावें असेंच आहे.

तरीहि एक गोष्ट आम्हांस खटकते. लूकच्या शुभवर्तमानांतील जकातदार जक्कय, लुबाडलेल्यांस चौपट परत देईन म्हणून उभा राहतो. ऑगस्टीनचें सारें बोलणें ईश्वराशीं. ज्यांस फसविलें त्यांचा उल्लेख येतो, तो त्या रात्रीं त्यांच्या फजितीचें हसूं आलें इतक्यापुरताच. सकाळीं उठून मालकानें तें झाड पाहिलें असेल, त्याविषयीं त्या एवढ्या ग्रंथांत एक अक्षर नाहीं.