कट्टा, क्विंटल आणि 'ती संख्या कोणती?'

पाचवीला भिन्नछेद अपूर्णांकांची वजाबाकी शिकवून झाली होती. मुले पटापट सोडवत होती, मीही खूश होते. म्हणून फळ्यावर शाब्दिक उदाहरण दिले : एका संख्येत २/५ मिळवले तर ३/४ होतात. ती संख्या कोणती?

तुम्ही शिक्षक असाल तर पुढे काय झाले ते ओळखलेच असेल. 'मिळवले' हा शब्द दिसला आणि अर्ध्या वर्गाने बेरीज करून २३/२० लिहिले. एका मुलीने मात्र वजाबाकीच केली. पण कशी? ३ मधून २ गेले, उरला १. ५ मधून ४ गेले, उरला १. उत्तर १/१, म्हणजे १. मी लाल फुली मारली, "लसावि काढ" म्हटले आणि पुढे गेले. नंतर दोन दिवस तिने हात वर केलाच नाही.

खरं सांगते, मला ते लागलं. छेद सारखे का करायचे, हे मला तरी कुठे नीट कळले होते? मीही तिरकस गुणाकार पाठ करूनच डी.एड. झाले.

आमचा गोंदिया जिल्हा धानाचा. कट्टा कोणत्याही मुलाला दाखवावा लागत नाही, साधारण ४० किलोचा भरतात. रात्री तांदूळ निवडता निवडता लक्षात आले, अरे, ४० किलो म्हणजे क्विंटलचे २/५ की!

तिसऱ्या दिवशी विचारले, "कट्ट्यात २/५ क्विंटल धान आहे. आणखी किती टाकले तर ३/४ क्विंटल होईल?"

मागून आवाज आला, "पस्तीस किलो लागन जी मॅडम!"

७५ मधून ४० गेले. बेरीज एकानेही केली नाही. ३५/१०० ला ५ ने संक्षिप्त रूप दिले, ७/२० आले. ती मुलगी आपली जुनी वही उघडून बसली होती. म्हणाली, "मॅडम, माजा १ मंजे तं पुरा क्विंटल झाला जी. त्यात अजून २/५ टाकले तं ३/४ कसे होतीन?" फुली मी मारली होती, पण चूक तिने स्वतः शोधली.

पालकांनो, घरी अभ्यास घेताना 'इथे वजाबाकी कर' असे सांगून टाकू नका. 'ती संख्या ३/४ पेक्षा मोठी असेल की लहान?' एवढेच विचारा आणि थोडे थांबा. (थांबणे कठीण जाते, मलाही जाते.)

मग मी मुद्दाम दुसरे दिले : कोणत्या संख्येत १/३ मिळवले तर ५/७ होतील? आता किलो कामाला येईनात. १०० चे ना तीन सारखे भाग, ना सात. वर्ग गप्प. लसाविची गरज मुलांना इथे पहिल्यांदा पडली. १५/२१ मधून ७/२१ गेले, राहिले ८/२१.

हात तिनेच वर केला होता : "मॅडम, आपन क्विंटल २१ किलोचाच समजू ना जी!"