काळ दाखविणारी काच

एका जागी बसून सर्व काळ आणि सर्व लोक पाहावेत, ही मनुष्याची आकांक्षा फार पुरातन आहे. कुरुक्षेत्रावरील युद्ध धृतराष्ट्राला सांगता यावे म्हणून व्यासांनी संजयाला दिव्यदृष्टी दिली. पायाळू माणसाला अंजन घालून हरवलेला ऐवज शोधण्याची हिकमत आपल्या खेड्यापाड्यांतून दीर्घकाळ चालत आली. आणि जव्हार-मोखाड्याच्या डोंगरपट्टीत भगत अद्यापही तांदळाचे दाणे पाहून दुखण्याचे मूळ सांगतो. या साधनांची हेटाळणी करावी असे मला कधी वाटले नाही. कारण त्यांच्यामागची तहान आणि मला दुर्बिणीचे आरसे घासावयास लावणारी तहान ही एकच आहे.

आरसा घासणे हे काम दिसावयास अगदी सामान्य. काचेच्या दोन जाड चकत्या पिंपावर एकमेकींवर ठेवावयाच्या, मध्ये कार्बोरंडमची पूड आणि पाणी घालावयाचे, आणि वरची चकती खालचीवर पुढेमागे सरकवीत पिंपाभोवती हळूहळू फिरत राहावयाचे. वरची चकती मध्ये खोल होत जाते, खालची फुगीर. पूड उत्तरोत्तर बारीक होते, तसा काचेचा खरखर आवाजही मृदू होतो, आणि कसलेला कारागीर डोळ्यांपेक्षा कानांवर अधिक विसंबतो. शेवटी राळेच्या थरावर सिरियम ऑक्साइडने झिलई चढते. आठ इंच व्यासाच्या आणि अठ्ठेचाळीस इंच नाभ्यंतराच्या आरशाची मध्यातली खोली एवढ्या श्रमांनंतर जेमतेम 2 मिलिमीटर भरते. तरीही काम संपत नाही, कारण हा पृष्ठभाग गोलीय आहे आणि ताऱ्याचा प्रकाश एका बिंदूत आणावयाचा तर तो अन्वस्तीय हवा. या दोन आकारांत कडेशी पडणारे अंतर मिलिमीटरच्या हजाराव्या भागाहूनही थोडे कमी असते.

एवढे सूक्ष्म अंतर मोजावयाचे कसे? लेऑं फूको या फ्रेंच शास्त्रज्ञाने 1858 साली सांगितलेली युक्ती आजही तशीच वापरतात. आरशाच्या वक्रताकेंद्राशी एक सूक्ष्म दिवा ठेवावा, परतणाऱ्या किरणांच्या वाटेत पात्याची धार हळूच सरकवावी, आणि पात्यामागून आरसा न्याहाळावा. सपाट भासणारी काच तेव्हा टेकड्या-दऱ्यांचा मुलूख होऊन समोर उभी राहते. काचेवर क्षणभर अंगठा टेकला, तरी त्याच्या उष्णतेने उठलेला उंचवटा दिसतो आणि काही वेळाने विरून जातो. माझ्या मते या कलेतील खरा चमत्कार हाच. आकाश त्याच्यानंतर येते.

अशी दुर्बीण घेऊन मी माघातल्या अमावास्येच्या सुमारास जव्हार तालुक्यातील साखरशेताला जातो. भात केव्हाच घरात आलेले असते, नाचणी-वरईचे माळ मोकळे असतात, आणि अंधार शुद्ध असतो. रात्रीच्या पहिल्या प्रहरी पश्चिमेकडे देवयानी दीर्घिका कललेली असते. तिचा प्रकाश सुमारे 25 लाख वर्षांपूर्वीचा. कृत्तिकांचा प्रकाश निघाला तेव्हा शिवछत्रपतींचा जन्म व्हावयाचा होता. पुढे सुरतेच्या वाटेवर ज्या शिरपामाळावर त्यांनी मुक्काम केला, तो इथून दूर नाही. मस्तकावरच्या रोहिणीचा प्रकाश सुमारे 65 वर्षांचा, म्हणजे महाराष्ट्र राज्य स्थापन झाले त्या काळाचा. आणि पूर्वेला उगवणाऱ्या मघेचा सुमारे 79 वर्षांचा, म्हणजे मुकणे घराण्याचे जव्हार संस्थान भारतात विलीन होण्याच्या सुमाराचा. निरनिराळ्या सालांचे हे दस्तऐवज एकाच रात्री एकाच दप्तरात उलगडलेले असतात.

एकदा एका वृद्ध शेतकऱ्याने दुर्बिणीला डोळा लावण्यापूर्वीच विचारले, "मास्तर, यात पुढचा पाऊस दिसंल का?"

"नाही बाबा, यात मागचंच दिसतं."

क्षणभर विचार करून ते म्हणाले, "मग माझ्या आज्याच्या वेळचा तारा दाखवा."

मी नळी वृषभेच्या शिंगाच्या टोकाकडे, अग्नी नावाच्या ताऱ्याकडे वळविली. त्याचा प्रकाश सुमारे 130 वर्षांपूर्वीचा. ते पुष्कळ वेळ पाहत राहिले. माझ्या कारागिरीविषयी याहून नेमका प्रश्न मला कोणी विचारलेला नाही.

'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत जयंत नारळीकरांनी एका इतिहासकाराला, मराठे पानिपतावर जिंकले अशा दुसऱ्याच एका जगात नेऊन सोडले. तसले जग माझा आरसा दाखवीत नाही. जे खरोखर घडले त्याचाच प्रकाश तो गोळा करतो, आणि भविष्याबद्दल पूर्ण मौन पाळतो. या मर्यादेमुळेच मला त्याचा भरवसा वाटतो. त्याची अट एकच, अंधाराची. आणि ती आता वर्षागणिक दुर्मिळ होत आहे. पाड्यापाड्यांत दिवे लागलेच पाहिजेत, त्याविषयी दुमत नाही. रात्री वाटेवर साप दिसण्यासाठी उजेड हवाच. परंतु वाट जमिनीवर असते. जव्हार-मोखाड्याच्या ग्रामपंचायतींनी नवे दिवे बसविताना वरून झाकलेले आणि खाली तोंड असलेले दिवे निवडावेत, एवढीच माझी कळकळीची विनंती आहे.